तिच्या शेजारात सहा दिवस

परत आल्यापासून जो तो एकच विचारतोय, "बिबट्या दिसला का गं?" दिसला म्हटलं की समोरच्याचे डोळे चमकतात. "नशीबवान आहेस!" असं वर ऐकावं लागतं. नशीबवान कसली! सहा दिवस मी जीव मुठीत धरून काढले, आणि शेवटच्या तीन दिवसांत जे झालं ते माझ्यामुळेच झालं. ते नीट सांगावं म्हणून लिहायला बसले आहे.

मी भित्री आहे, हे आधीच सांगून टाकते. सिंहगडावर माकड अंगावर आलं तेव्हा मी हातातलं कणीस, पिशवी आणि नवऱ्याची टोपी एवढं सगळं त्याला देऊन टाकलं होतं. माझा व्यवसाय ध्वनिमुद्रणाचा. माहितीपटांसाठी आवाज गोळा करायचे, कानाला हेडफोन लावून तासन्‌तास बसायचं. मिलिंद हा आमचा दिग्दर्शक आणि कॅमेरामनही तोच. त्याचा फोन आला, "सातपुड्याच्या पायथ्याशी माणसं आणि बिबटे शेजारी राहतात, त्यावर करतोय. येतेस?" मी भाजी परतत होते. हो म्हणून मोकळी झाले आणि गॅस बंद केल्यावर मला समजलं मी कशाला हो म्हटलंय.

अमळनेरहून पुढे

मार्च संपत आला होता. सकाळी अमळनेरला उतरलो तेव्हा नऊ वाजले होते आणि ऊन आमच्या सांगलीच्या दुपारसारखं तापलेलं. मिलिंदने जीप ठरवली होती. तापीचा पूल ओलांडला, चोपडा मागे टाकला, आणि समोर सातपुडा आला. उन्हाळ्यात तो करडा, उघडा, कोरडा दिसतो. त्याच्या पायाशी मात्र केळीच्या बागा, हिरव्यागार, मैलोन् मैल. डोंगरातलं पाणी आटलं की जनावर खाली उतरतं ते या बागांमध्ये. आत गारवा, ओल, दडायला जागा, आणि रानडुकरंही तिथेच. बिबट्याला आणखी काय हवं!

वाटेत धाब्यावर शेवभाजी खाल्ली. तिखटाने माझ्या डोळ्यांतून पाणी आलं. आमच्याकडेही झणझणीत खातात, पण तिथला रस्सा जिभेवर चढतो. हा थेट कानात जातो. धाबेवाल्याने विचारलं, कुठे निघालात? मिलिंदने सांगितलं. तो म्हणाला, "हां, आबांकडे. तठे ती ऱ्हास." ती तिथे राहते. जणू एखाद्या मावशीबद्दल बोलावं तसं. मी ताट बाजूला सारलं.

आबांचा मळा

गोकुळआबा पासष्टीचे, सडसडीत, डोक्याला पांढरा रुमाल. घर गावात नाही, मळ्यातच. पुढे सारवलेलं अंगण, अंगणाच्या कडेला पाण्याची टाकी, आणि टाकीपासून तीस पावलांवर केळीची बाग सुरू. घरात त्यांची सून सुनंदा आणि पाच वर्षांची नात परी. मुलगा केळीचा ट्रक घेऊन दिल्लीकडे गेलेला, महिन्यातले वीस दिवस तो रस्त्यावरच.

"घाबरू नका ताई," आबा म्हणाले, "ती कोणले काही करत नही."

"आबा, पण असते कुठे ती?"

त्यांनी बोटाने बाग दाखवली. तीस पावलं! मी बॅग उचलून घराच्या पार आतल्या खोलीत नेऊन ठेवली. मिलिंद हसत सुटला.

पुढच्या दोन दिवसांत मला त्यांची रीत कळली. बागेत शिरण्याआधी आबा बांधावर उभे राहायचे आणि मोठ्याने म्हणायचे, "माय, मी यी ऱ्हायनू व!" मी येतोय गं. मग शंभर आकडे मोजावेत एवढा वेळ थांबायचे. तेवढ्यात ती दुसऱ्या अंगाला सरकायची. पाणी सोडायचं असो, घड कापायचे असोत, आवाज दिल्याशिवाय बागेत कुणाचाही पाय पडायचा नाही. दिवस कलला की सुनंदा भांडी वाजवत घासायची, गोठ्यात जाताना मोबाइलवर भजन लावायची. आणि बागेतली तीही आवाज द्यायची म्हणे. संध्याकाळी ओढ्याकडे निघताना टाकीपलीकडे एकदा खाकरल्यासारखं करायची. मग सुनंदा परीला हाक मारून आत घ्यायची आणि आबा घड्याळ न बघता म्हणायचे, साडेसहा झाले.

चार वर्षं हे असं चाललं होतं. ना त्यांच्या शेळीला धक्का, ना तिला. मी हेडफोनमधून हे सगळं ऐकत होते आणि मनात म्हणत होते, बाई, हे काय धाडस आहे! आमच्या सोसायटीत कुत्र्यावरून पोलीस येतात.

सुनंदाच्या हाताला फार चव. ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी, वर लसणाची चटणी आणि तेल. मांडीला मांडी लावून जेवताना ती मला म्हणाली, "ताई, शुक्रवारी आमना बिबडा शेत. थांबजा." शुक्रवारी त्यांचे बिबडे होते. बिबडे म्हणजे ज्वारीच्या चिकाचे पापड. पहाटेच शेजारपाजारच्या आठ-दहा बाया अंगणात जमणार, चुलीवर मोठ्या पातेल्यात चीक शिजवणार, खाटांवर धोतरं पसरून त्यावर पापड घालणार. लेकरांनी दिवसभर कावळे हाकायचे. ज्वारी तीन दिवस आधीच भिजत घातली होती. त्या आंबूस वासाने सगळं घर भरलं होतं.

बुधवार, भर दुपारी

केळी कापणारे मजूर आले होते. अकराच्या सुमाराला बागेतून ओरडा झाला आणि सगळे बाहेर पळत आले. वाळलेल्या पानांच्या ढिगात दोन पिल्लं होती. डोळे नुकते उघडलेली.

आबांनी ताबडतोब काम थांबवलं. कुणी हात लावायचा नाही, कुणी फोटो काढायला जायचं नाही. वनरक्षक पावराताई मोटारसायकलवरून आल्या, त्यांनीही तेच सांगितलं. "आई जवळपासच असेल. माणसाची चाहूल थांबली की येईल आणि उचलून दुसरीकडे नेईल. आज नाहीतर उद्या. फक्त तिला शांतपणे करू द्या."

मिलिंदला आनंदाचं भरतं आलं. त्याने पावराताईंना विनवलं, लांबून, फक्त पंधरा मिनिटं. त्या आबांकडे बघत राहिल्या. आबांनी बांधावर जाऊन आवाज दिला, नेहमीपेक्षा दुप्पट थांबले आणि आम्हाला आत घेतलं.

केळीच्या बागेत भर दुपारी अंधार असतो, हे मला माहीत नव्हतं. बाहेर डोळे दिपवणारं ऊन आणि आत हिरवा काळोख. दहा पावलांपलीकडे काही दिसत नाही. पानं एकमेकांवर घासतात, आणि प्रत्येक वेळी वाटतं, कुणीतरी चाललंय. माझी तर पाचावर धारण बसली होती. लांब दांडीला लावलेला माइक मी काठीसारखा पुढे धरला होता. मिलिंदने खुणेनेच विचारलं, काय झालं? काय झालं म्हणे! मी डोळे मिटून घेतले आणि फक्त ऐकलं. पिल्लं कुरकुरत होती. मांजराच्या पिल्लासारखंच, पण जरा खरखरीत. अकरा मिनिटं मुद्रण झालं. इतका स्वच्छ आवाज मला वीस वर्षांत मिळाला नव्हता.

माझी चूक

संध्याकाळी मिलिंद आत कॅमेरा आवरत होता आणि मी अंगणात खाटेवर बसून दिवसभराचं काम तपासत होते. ही माझी रोजची सवय. त्या दिवशीचं त्याच दिवशी ऐकायचं, कुठे खरखर आलीय का बघायचं. परी येऊन चिकटली. तिच्या कानाला हेडफोन लावला तर तिचं तोंड असं उघडलं की बस्स! "माय व! पिल्ला!" सुनंदा भाकरीच्या हातांनी बाहेर आली, "काय ऐकी ऱ्हायनी? माले भी!" एक हेडफोन आणि ऐकणाऱ्या दोघी. मी बॅगेतून छोटा स्पीकर काढला आणि जोडला.

मला कौतुक हवं होतं, दुसरं काय. तीन दिवस मी त्या घरात भित्री म्हणून चेष्टेचा विषय झाले होते. आता माझ्याकडेही दाखवण्यासारखं काहीतरी होतं. मी आवाज मोठा केला. पिल्लं अंगणभर रडायला लागली. परी टाळ्या पिटत म्हणाली, परत. मी परत लावलं. मग आणखी एकदा.

आबा विहिरीकडे गेले होते. तिथून ते पळत आले. त्यांना पळताना मी पहिल्यांदाच पाहिलं. "बंद करा! बंद करा ते!"

मी कसंबसं बटण शोधून आवाज बंद केला. तेवढ्यात गोठ्यातली शेळी ओरडायची थांबली. कुत्रं कधी घरात गेलं ते कुणी पाहिलं नाही. आणि टाकीच्या मागून ती आली.

खाकरली नाही. आवाज दिला नाही. थेट अंगणात.

खाटेवर परी आणि मी, आमच्या मध्ये स्पीकर. ती आमच्यापासून चार-पाच हातांवर. मला फक्त तिचे खांदे आठवतात, चालताना खालीवर होणारे, आणि तिचे डोळे. ते आमच्याकडे नव्हतेच, स्पीकरवर होते. हात उचलून त्या पोरीला मागे ओढावं, एवढंही मला जमलं नाही. हे लिहिताना मला लाज वाटते, पण नाही जमलं.

सुनंदा चालत आली. पळाली नाही, ओरडली नाही. पिठाचे हात तसेच. आमच्या आणि त्या जनावराच्या मधून गेली, परीला कडेवर घेतलं आणि पाठ न वळवता, एकेक पाऊल मागे टाकत दारात गेली. आबा हळू आवाजात बोलत होते, "माय, आठे काही नही. तुन्हा पोरं तठेच शेतस. जाय, माय."

तिने स्पीकर हुंगला. खाटेखाली पाहिलं. मग मान वर करून घराच्या उघड्या दाराकडे बघत राहिली. यंत्र, हेडफोन, स्पीकर सगळं कवटाळून मी कशी उठले, कशी दारापर्यंत पोचले, देवाला ठाऊक. आबा सगळ्यांत शेवटी आत आले आणि त्यांनी कडी घातली.

ती गेली नाही. तिला पिल्लं घरात असल्यासारखं वाटत होतं. आवाज इथूनच आला होता ना!

गुरुवार

सकाळी खिडकीची फट उघडली तर ती टाकीजवळ बसलेली, तोंड घराकडे. उजाडल्यावर, उन्हात! बिबट्या असा बसत नाही, हे मलाही एव्हाना कळत होतं. कुणी बाहेर पडायची सोय नाही. म्हशीचं दूध काढलेलं नाही, ती हंबरत होती. सुनंदाने फोन करून एकेका बाईला सांगितलं, उद्या येऊ नका. तीन दिवस भिजलेली ज्वारी तशीच राहिली.

पावराताई गावात येऊन थांबल्या होत्या, फोनवरून बोलत होत्या. बागेत पिल्लांच्या पोटात कालपासून दूध नव्हतं. ती अशीच बसून राहिली तर पिल्लं जायची. पिल्लं गेली तर ती या घरावरून हलायची नाही. आणि गावात आधीच चार माणसं पिंजरा लावा, मारून टाका म्हणू लागली होती. फटाके लावून हाकलावं तर ती बिथरून कुणावर जाईल, सांगता येत नाही. परी आईला बिलगून बसली होती, बोलत नव्हती. कालपासून एक शब्द नाही.

"स्पीकर बागेकडे फेकून लावूया," मिलिंद म्हणाला, "आवाजामागे जाईल ती."

आबा त्याच्यावर कधी चिडले नव्हते, आता चिडले. "एक डाव खोटं बोलनात तिनासंगे. आते पुरे." मग माझ्याकडे बघून त्यांचा आवाज खाली आला. "तुम्ही जाणीसन नही करं, ताई. मी देखं." त्या समजूतदारपणाने मला जास्त रडू आलं.

ते भिंतीला टेकून बसले. मग म्हणाले, रात्रभर म्हैस आणि मळ्यामळ्यातली कुत्री गप्प नव्हती; आता पिल्लं रडत असणारच, पण क्षीण. तिला ऐकू येत नाहीत. आवाज बघा किती आहे! मी कान दिला. आणि माझी मलाच लाज वाटली, की हे मला सुचायला हवं होतं. त्या आठवड्यात शेतीची लाइट दिवसा होती. चहूकडच्या मळ्यांत विहिरींच्या मोटारी घरघरत होत्या, ट्रॅक्टर चालू होते, कुठे तरी गाणी.

आबांनी फोन हातात घेतला. "बठ्ठा मोटारी बंद करा. ट्रॅक्टर बंद. दोन तास." पलीकडून काय बोलणं झालं ते कळत होतं. उन्हाळ्यात आठ तासांची लाइट, त्यातले दोन तास घालवायचे, केळीला पाण्याचा ताण बसणार. एकाने फोन आपटला. आबांनी त्याला पुन्हा लावला. म्हशी, शेळ्यांना पेंड घालून गप्प करा, लेकरं आत घ्या. बायांनी बायांना फोन केले. पावराताईंनी रस्त्यावरची वाहनं थांबवली.

एकेक मोटार बंद होत गेली. गोठ्यातली म्हैसही हंबरून दमून गप्प झाली होती. मी खिडकीच्या फटीतून माइक बागेकडे धरला होता, मुद्रण चालू होतं. शेवटची मोटार थांबली आणि अशी शांतता पसरली की मला माझ्याच छातीची धडधड हेडफोनमध्ये ऐकू यायला लागली. इतकी शांतता माणसांच्या वस्तीत मी कधी ऐकली नव्हती. त्या शांततेने भीती आणखी वाढली, कारण आता काहीच झाकलेलं नव्हतं.

पाच मिनिटं. दहा. पानांची सळसळ, लांब कुठे कोतवाल पक्षी. पिल्लं नाहीत. आबा माझ्या तोंडाकडे बघत होते. मी मान हलवत होते, नाही, नाही.

मग ऐकू आलं. बारीक, तुटक.

"आबा, आहे!"

"दोन्ही शेतस का?"

मी डोळे मिटले. एकच आवाज येत होता. थांबायचा, परत यायचा. सुनंदाने माझा दंड धरला होता, तिची नखं रुतत होती. बऱ्याच वेळाने त्या आवाजावर दुसरा आवाज चढला, त्याहून बारीक. मी दोन बोटं वर केली. आबांनी डोळ्यांवर रुमाल धरला.

टाकीजवळ तिने कान फिरवले. पुन्हा एकदा. मग उठली आणि तीस पावलं, अजिबात घाई न करता, बागेत गेली. आतून तिची हाक आली, घशातली, खोल, हळू. पिल्लं एकदम गलका करून ओरडली. मी हेडफोन सुनंदाच्या कानाला लावला. ती ऐकत राहिली आणि मुकाट रडत राहिली.

परतीची वाट

शुक्रवारी सकाळी आबांनी बांधावरून आवाज दिला, थांबले आणि आत गेले. ढीग रिकामा होता. तिने पिल्लं नेली होती, ओढ्यापलीकडे, डोंगराच्या अंगाला. पावराताईंनी माग काढला, तो खडकापाशी तुटला. सगळ्यांनी सुटकेचा निःश्वास टाकला. आम्ही सामान आवरलं. मिलिंद म्हणाला, माहितीपटात गावाचं नाव घेणार नाही. आबा म्हणाले, ते बरं व्हई. परीने मला निरोपाचा हात केला नाही, आणि मी तिला दोष देत नाही.

धुळ्याहून पुण्याची गाडी पकडली. मी ठरवलं होतं, हे असं संपलं. सगळे वाचले, शेवट गोड.

मग पंधरा दिवसांपूर्वी सुनंदाचा फोन आला. पिल्लांना घेऊन गेलेली ती परत आलीच नाही. संध्याकाळी टाकीपलीकडे कुणी खाकरत नाही. आणि आता बागेत नवी पावलं दिसतात, मोठी, बहुतेक नराची. पावराताई म्हणाल्या, तिची जागा मोकळी झाली, दुसरा कुणी तरी येणारच होता. "ह्या पाय तिना नही, ताई," सुनंदा म्हणाली. आबा बांधावर आवाज देतात, पण आत जो आहे त्याला तो आवाज कळतो की नाही, कुणाला माहीत. गेल्या आठवड्यात शेजारच्या मळ्यातली शेळी गेली. चार वाजता ते दार लावतात. परी अंगणात येत नाही. बिबडे यंदा झालेच नाहीत.

मग फोन आबांनी घेतला. "ताई, तिना आवाज शे ना तुमनाकडे? ती पिल्लास्ले हाक मारस, तो? माले एक डाव ऐकनं शे. बाहेर नही लावाव. घरमा, दार लाईसन."

हो म्हणाले मी. पाठवते म्हणाले. चौतीस सेकंदांचा आवाज आहे, स्वच्छ, एकही खरखर नाही. रोज संध्याकाळी मी तो फोनवर काढते, आबांचं नाव शोधते, आणि माझं बोट थांबतं. त्या घराच्या दाराला फटी आहेत, मी पाहिल्यात. अजून पाठवलेला नाही.